दोनशे गुणांची सवलत

1976 साली पुरुषांच्या राष्ट्रीय बुद्धिबळ स्पर्धेत रोहिणी खाडिलकर उतरल्या तेव्हा त्या अवघ्या 13 वर्षांच्या होत्या. मुंबईच्या एका शाळकरी मुलीने पुरुषांसमोर पटावर बसावे की नाही, यावरून एवढा गदारोळ झाला की प्रकरण उच्च न्यायालयापर्यंत गेले. अखेर जागतिक बुद्धिबळ महासंघाचे तेव्हाचे अध्यक्ष आणि माजी जगज्जेते मॅक्स युवे यांनी निर्वाळा दिला की, राष्ट्रीय व आंतरराष्ट्रीय स्पर्धांतून स्त्रियांना वगळता येणार नाही. त्या स्पर्धेत रोहिणींनी तीन राज्यांच्या विजेत्यांना हरवले. 1974 साली महिलांची राष्ट्रीय स्पर्धा सुरू झाली ती रोहिणींच्या थोरल्या बहिणीच्या, वासंतीताईंच्या विजयाने. पुढे दुसरी बहीण जयश्री आणि रोहिणी यांनी ते विजेतेपद पहिली दहा वर्षे खाडिलकरांच्या घराबाहेर जाऊ दिले नाही. तरीही रोहिणींचे सर्वांत मोठे काम मला पुरुषांच्या स्पर्धेतलेच वाटते. त्यांनी जगभरच्या मुलींसाठी एक दार उघडून दिले आणि ते मराठी घरातल्या मुलीने उघडले, याचा आपल्याला हवा तेवढा अभिमान नाही.

हे आज सांगायचे कारण नागपूरची दिव्या देशमुख. जुलै 2025 मध्ये जॉर्जियातील बातुमी येथे तिने महिला विश्वचषक जिंकला. अंतिम फेरीत समोर कोनेरू हम्पी होती. दिव्या जन्मली तेव्हा हम्पीला ग्रँडमास्टर होऊन तीन वर्षे झाली होती. या विजयाने दिव्या भारताची 88वी ग्रँडमास्टर झाली. सत्कार झाले, बक्षिसे मिळाली, ती मिळायलाच हवी होती. पण त्या 88 जणांत स्त्रिया किती? चार. हम्पी, हरिका, वैशाली आणि दिव्या.

चारच का, याचे उत्तर मुलींच्या बुद्धीत शोधणाऱ्यांनी युदित पोल्गारचे नाव आठवावे. रोहिणींच्या लढ्याच्याच वर्षी, 1976 मध्ये, ती बुडापेस्टला जन्मली. तिने महिलांच्या जगज्जेतेपदासाठी कधीच खेळायचे नाही असे ठरवले आणि ते पाळले. पंधराव्या वर्षी ती हंगेरीच्या राष्ट्रीय स्पर्धेत पुरुषांना मागे टाकून विजेती झाली आणि ग्रँडमास्टर होताना तिने बॉबी फिशरचा विक्रम मोडला. पुढे जागतिक क्रमवारीत ती आठव्या स्थानापर्यंत पोचली. 2002 मध्ये मॉस्कोत जलद डावात तिने गॅरी कास्पारोव्हला हरवले. ती घडली ती लहानपणापासून भक्कम प्रतिस्पर्ध्यांशी खेळल्यामुळे.

आपण मुलींना नेमके हेच नाकारतो, आणि नाकारतो तेही कौतुकाच्या रूपात. ग्रँडमास्टर होण्यासाठी 2500 मानांकन लागते. ‘महिला ग्रँडमास्टर’ व्हायला 2300 पुरे. म्हणजे हा किताब साध्या इंटरनॅशनल मास्टरच्याही खालचा, कारण त्याला 2400 लागतात. दोनशे गुणांची ही सवलत कशासाठी? जिथे शरीरबळाचा संबंध आहे तिथे वेगळी मोजपट्टी समजू शकते. चौसष्ट घरांच्या पटावर तिचे समर्थन कसे करणार? नावात ‘ग्रँडमास्टर’ हा शब्द आला की गावात फलक लागतात, घरच्यांना वाटते मुलगी शिखरावर पोचली. पंधरा-सोळा वर्षांच्या मुलीला त्याच वेळी खरी चढण सुरू करायची असते. दिव्याही 2021 मध्ये महिला ग्रँडमास्टर झाली होती. ती तिथे थांबली नाही, हा तिचा आणि तिच्या घरच्यांचा मोठेपणा.

मानांकनाचे गणितही ध्यानात घेतले पाहिजे. बलवान प्रतिस्पर्ध्याशी बरोबरी केली तरी गुण वाढतात, दुबळ्याला हरवून हाती फारसे काही लागत नाही. मुलींच्या गटात त्याच त्या मोजक्या मुलींशी वर्षानुवर्षे खेळत राहिले, तर चषक जमतात पण मानांकन हलत नाही. खेळ तर त्याहून कमी वाढतो.

यावर कोणी म्हणेल, दिव्याला ग्रँडमास्टर किताब मिळाला तोच मुळी महिलांच्या स्पर्धेतून. खरे आहे. तिच्याकडे या किताबासाठी लागणारा एकही नॉर्म (स्पर्धेतील ठरावीक दर्जाची कामगिरी) नव्हता. विश्वचषक विजेतीला हा किताब थेट देण्याचा नियम आहे, त्यानुसार तो मिळाला. म्हणूनच महिलांच्या स्पर्धा बंद करा असे मी म्हणणार नाही. त्यांतून पैसा मिळतो, प्रायोजक मिळतात, मुलगी टिकून राहते. विजेतेपदांच्या या स्पर्धा राहाव्यात. पण अर्ध्या उंचीचे किताब जावेत. बातुमीनंतर दिव्याने काय केले ते पाहा. सप्टेंबरमध्ये समरकंदच्या ग्रँड स्विस स्पर्धेत महिला विभाग असताना ती खुल्या विभागात खेळली. तिथे तिने इजिप्तच्या बासिम अमीनला हरवले आणि जगज्जेत्या गुकेशला बरोबरीत रोखले. इतर डावांत हारही पत्करावी लागली. विश्वचषक नावावर असताना पराभवाची जोखीम घेणे सोपे नसते. मला तिचा हा निर्णय चषकाइतकाच मोलाचा वाटतो.

सांगली, पुणे, मुंबई, नागपूर इथे बुद्धिबळाची परंपरा आहे. भाग्यश्री साठे-ठिपसे, अनुपमा गोखले, स्वाती घाटे, ईशा करवडे, सौम्या स्वामिनाथन ही नावे त्याच परंपरेतली. आज गावोगावी स्पर्धा होतात आणि मुलींसाठी ‘उत्कृष्ट मुलगी’ असे एक छोटे बक्षीस राखून ठेवले जाते. संयोजकांनी ते बक्षीस खुशाल ठेवावे, पण ते मिळवायला मुलीने खुल्या गटातल्या सगळ्या फेऱ्या खेळाव्यात अशी अट घालावी. प्रशिक्षकांनी मुलीपुढे 2300 हा आकडा ध्येय म्हणून ठेवू नये. आणि आईवडिलांना विनंती एवढीच: पुढच्या स्पर्धेचा प्रवेश अर्ज भराल तेव्हा लेकीचे नाव खुल्या गटात घाला. पहिल्या वर्षी ती बरेच डाव हरेल. तरीही दुसऱ्या वर्षी पुन्हा तिथेच घाला.