वधूचे नामांतर

लग्न लागते, वधू सासरी येते, लक्ष्मीपूजन होते. आणि तांदूळ पसरलेल्या ताटात सोन्याच्या अंगठीने एक नवे नाव लिहिले जाते. साखर वाटली की वीस-पंचवीस वर्षांचे जुने नाव बाद झाले. उज्जयिनीतील आमच्या महाराष्ट्रीय आणि सारस्वत घरांत ही चाल विरळ होत चालली असली तरी संपलेली नाही; आणि जेथे ती चालते तेथे ‘हा आपला सनातन धर्म’ असे तिचे समर्थन केले जाते. आमचा वाद या समर्थनाशी आहे.

१९५५ च्या हिंदू विवाह अधिनियमाने रूढीची व्याख्या केली आहे. रूढी दीर्घकाळ, अखंड व एकसारखी पाळलेली असावी, निश्चित असावी आणि अयुक्त नसावी. नामांतराचा प्रश्न न्यायासनापुढे नाही, हे खरे; परंतु ही कसोटी घरच्या चालीस लावून पाहण्यास कोणाची हरकत नसावी.

प्रथम प्राचीनता पाहू. नामकरण हा संस्कार अर्भकाचा आहे, वधूचा नव्हे. मुलीचे नाव सुखाने उच्चारता येणारे, स्पष्टार्थ, मंगल आणि दीर्घ स्वरात संपणारे असावे असे मनुस्मृती सांगते. विवाहानंतर ते बदलावे असे तेथे सांगितलेले नाही. गोभिलगृह्यसूत्र तर ध्रुवदर्शनाच्या वेळी वधूने पतीचे नाव आणि स्वतःचे नाव उच्चारावे, अशी आज्ञा करते. अढळ ताऱ्याकडे पाहून जे नाव घ्यावयाचे, तेच घटकाभराने ताटातल्या तांदळात पुसावयाचे, हा कोणता धर्म?

पुराणेतिहासाची साक्ष याहून स्पष्ट आहे. जानकी, वैदेही, मैथिली, कौसल्या, कैकेयी, गांधारी, माद्री, पांचाली ही सारी नावे पित्याची वा माहेरच्या देशाची आहेत, आणि ती सासरी जन्मभर चालली. शूरकन्या पृथा कुंतिभोजाकडे दत्तक गेली म्हणून कुंती झाली. तरी मूळ नाव मेले नाही. कुरुक्षेत्रावर भगवंतांनी अर्जुनास ‘पार्थ’ म्हणून हाक मारली, ती त्याच नावावरून.

आमच्या अवंतीच्या दोन लेकी पाहा. मित्रविंदा, म्हणजे मित्र मिळविणारी, ही विंद आणि अनुविंद यांची बहीण. तिघा भावंडांच्या नावांत एकच धातू आहे. श्रीकृष्णाच्या अष्टनायिकांत गेल्यावरही ती मित्रविंदाच राहिली. भावांशी असलेले तिचे नाते द्वारकेत कोणी खोडले नाही. दुसरी प्रद्योताची कन्या वासवदत्ता, म्हणजे इंद्राने दिलेली. भासाच्या नाटकात तिला नाव लपवून परक्या घरी राहावे लागते, तेव्हा ती ‘आवंतिका’ होते. नवे नाव तेथे संकटातील वेषांतर आहे. पतीची भेट होताच ते गळून पडते. आम्ही मात्र तेच वेषांतर मंगलकार्य म्हणून साजरे करतो.

‘विवाह हा स्त्रीचा दुसरा जन्म, नाव पतीस शोभेसे हवे,’ असे कोणी म्हणतील. त्यांनी महाकालाच्या दारी उभे राहून विचार करावा. राणोजी शिंद्यांचे दिवाण रामचंद्रबाबा सुखठणकर यांनी ज्या मंदिराचा जीर्णोद्धार केला, तेथील देवास आपण पार्वतीपती म्हणतो. पार्वती, गिरिजा, हैमवती ही नावे हिमालयाच्या घरची. त्रैलोक्याच्या स्वामीने पत्नीचे नाव बदलले नाही. उलट तिच्या नावाने स्वतः ओळखला गेला. शांतादुर्गेच्या कृपेने झाली म्हणून जिचे नाव शांता ठेवले, त्या मुलीचे नाव खोडताना आपण कुलदेवतेचे ऋणही खोडतो, हे ध्यानी येते काय?

आता युक्तायुक्तता. न्यायमूर्ती रानडे यांच्या पत्नी रमाबाई माहेरच्या यमुना. डॉक्टर आनंदीबाई जोशी याही यमुनाच. झाशीची राणी लक्ष्मीबाई आणि ‘स्मृतिचित्रे’ लिहिणाऱ्या लक्ष्मीबाई टिळक, दोघी मूळच्या मनकर्णिका. १८९३ साली महर्षी कर्व्यांशी पुनर्विवाह करून आनंदीबाई झालेल्या बाई माहेरच्या गोदूबाई. या थोर स्त्रियांची मूळ नावे आज चरित्रग्रंथ उघडून शोधावी लागतात. मग ज्यांची चरित्रे लिहिली गेली नाहीत, त्या आमच्या पणज्यांची नावे कोणत्या वंशावळीत सापडणार?

हा केवळ भावनेचा प्रश्न नव्हे. २००५ च्या दुरुस्तीने हिंदू मुलीस वडिलोपार्जित सहदायकी मालमत्तेत मुलाइतकाच हक्क दिला. तो मागावयास आलेली लेक शाळेच्या दाखल्यात एका नावाची आणि बँकेच्या खात्यात दुसऱ्या नावाची असेल, तर वाटणीआधी ‘ती मीच’ हे तिला सिद्ध करावे लागते. भावावर हा प्रसंग कधीच येत नाही. महाराष्ट्र शासनाने २०२४ पासून मुलाच्या नावापुढे आईचे नाव लिहिणे आवश्यक केले आहे. आता ज्या आईचे नाव लिहावयाचे, तिची नावेच दोन असतील तर कोणते लिहावे?

प्राचीनता नाही, शास्त्राधार नाही, युक्तता नाही. जिला स्वतःच नवे नाव आवडले, तिने ते खुशाल घ्यावे; तो तिचा अधिकार. परंतु सासरच्या मंडळींनी आधी ठरवून ठेवलेले नाव तिच्यावर लादण्यास धर्माचा आधार सांगू नये. ताट राहू द्या, तांदूळ राहू द्या, अंगठीही राहू द्या. काय लिहावयाचे, ते मात्र मुलीस विचारा. आणि तिने माहेरचेच नाव सांगितले तर तेच लिहून साखर वाटा.