एक गाणे, दोन कंपन्या आणि एकच नाव

आमचे स्टेट कॉलेज हे विद्यापीठाच्या आश्रयाने वाढलेले गाव. १८५५ साली शेतीच्या शिक्षणासाठी स्थापन झालेल्या शाळेचे पुढे पेन स्टेट विद्यापीठ झाले, आणि १८९६ साली गावाला स्वतःचा कारभार मिळाला. येथील विद्यार्थ्यांत वाद्यांवाचून, केवळ कंठाच्या बळावर गाणारे संच आहेत. ते ऐकले म्हणजे याच पेनसिल्व्हेनिया राज्याच्या पश्चिम टोकाला, पिट्सबर्ग शहरी, जन्मास आलेल्या एका अल्पायुषी गानमंडळीची आठवण होते. ‘डेल-वायकिंग्ज’ हे तिचे नाव. तिची हकिगत आपल्या तरुण मंडळींनी अवश्य जाणून घ्यावी, म्हणून ती येथे देत आहोत.

ज्या गायनपद्धतीस पुढे ‘डू-वॉप’ हे नाव पडले, तिची ओळख मराठी माणसाला करून देणे अवघड नाही. शाहीर पोवाडा म्हणतो आणि मागचे झीलकरी ‘जी जी रं जी’ म्हणून त्याला उचलून धरतात, तसाच काहीसा हा प्रकार. एक जण मुख्य गातो. दोघे उंच सुरात, एक मधल्या आणि एक खर्जात साथ करतो. साथीच्या अक्षरांना अर्थ नसतो, पण तालाचे आणि वाद्यांचे काम तीच करतात. वाद्ये विकत घेण्याची ऐपत नसलेल्या, बहुतांशी कृष्णवर्णीय, शहरी मुलांनी गल्लीच्या कोपऱ्यावर आणि जिन्याखाली उभे राहून ही कला वाढविली.

डेल-वायकिंग्ज मात्र गल्लीतले नव्हते. ते हवाई दलाचे शिपाई होते. पिट्सबर्गच्या तळावर १९५५-५६ च्या सुमारास क्लॅरेन्स क्विक, क्रिप जॉन्सन, डॉन जॅक्सन आणि आणखी दोघे असे पाच कृष्णवर्णीय तरुण एकत्र आले. पण सरकारी नोकरी म्हटली की बदली आलीच. दोघांना जर्मनीस धाडण्यात आले आणि त्यांच्या जागी नॉर्मन राइट व डेव्हिड लर्ची आले. लर्ची गोरा होता. थोड्याच दिवसांत गस बॅकस हा दुसरा गोरा तरुणही मंडळीत दाखल झाला. अध्यक्ष ट्रूमन यांनी १९४८ साली सैन्यातील वर्णभेद मोडण्याचा हुकूम काढला होता. त्यामुळे तळावर काळे-गोरे एकत्र राहू लागले होते. बाहेरच्या अमेरिकेत तसे नव्हते. १९५७ च्या सप्टेंबरात लिटल रॉक येथे नऊ कृष्णवर्णीय मुलांना शाळेत पोहोचविण्यासाठी लष्कर बोलवावे लागले. त्याच वर्षी हे काळे-गोरे तरुण खांद्याला खांदा लावून गात होते. रंगावरून किंवा जन्मावरून माणसाला वेगळे बसविण्याचा अनुभव ज्यांनी घेतला आहे, त्यांना याचे मोल निराळे सांगावयास नको.

क्विकने रचलेले ‘कम गो विथ मी’ हे गाणे जो ॲव्हरबाख यांच्या ‘फी बी’ या पिट्सबर्गच्या लहानशा कंपनीने काढले. पुढे ‘डॉट’ या मोठ्या कंपनीने ते देशभर पोहोचविले. १९५७ साली ते ‘बिलबोर्ड’च्या यादीत चौथ्या क्रमांकापर्यंत चढले आणि त्याच्या दहा लाखांहून अधिक तबकड्या खपल्या.

येथवर सारे सुरळीत होते. यशाबरोबर कागदपत्रे आली, आणि मंडळीला तडा गेला तो तेथे. ‘मर्क्युरी’ या बड्या कंपनीकडे जाण्याची संधी आली तेव्हा मंडळीच्या व्यवस्थापकाने असा मुद्दा काढला की, फी बीच्या करारावर सही करताना मुले एकवीस वर्षांच्या आतील होती. सबब करार त्यांना बंधनकारक नाही. मुद्दा बिनतोड होता. पण क्रिप जॉन्सन सही करतेवेळी सज्ञान होता! बाकीचे मर्क्युरीकडे गेले, तो एकटा मागे राहिला. त्याने नवे सोबती जमविले. त्यांतला चक जॅक्सन पुढे स्वतंत्र गायक म्हणून नावारूपास आला.

अशा रीतीने जवळजवळ एकाच नावाच्या दोन मंडळ्या झाल्या. १९५७ च्या उन्हाळ्यात एकीचे ‘व्हिस्परिंग बेल्स’ नवव्या क्रमांकावर पोहोचले, तर दुसरीचे ‘कूल शेक’ बाराव्या. ऐकणाऱ्याने कोणाला खरे म्हणावे? नावाचा हक्क अखेरीस मर्क्युरीच्या पदरात पडला. १९५८ साली जॉन्सन जुन्या सोबत्यांत परतला खरा, पण त्यानंतर त्या तोडीचे यश पुन्हा आले नाही. डेल-वायकिंग्ज या नावाने पुढेही निरनिराळे संच गात राहिले. ज्या संचाने इतिहास घडविला त्याचे आयुष्य मात्र दोन वर्षांचेही नव्हते. गस बॅकसची बदली जर्मनीस झाली. तेथे तो जर्मन भाषेत गाऊन मोठा लोकप्रिय झाला. क्विक १९८३ साली आणि जॉन्सन १९९० साली निवर्तला.

गाणे मात्र टिकले. ६ जुलै १९५७ रोजी लिव्हरपूलच्या वूल्टन भागातील चर्चच्या जत्रेत पॉल मॅकार्टनीने जॉन लेननला प्रथम पाहिले, तेव्हा लेनन हेच गाणे शब्द ठाऊक नसल्याने पदरचे शब्द घालून म्हणत होता, असे मॅकार्टनी यांनी सांगितले आहे. पुढे ‘अमेरिकन ग्राफिटी’ (१९७३) आणि ‘स्टँड बाय मी’ (१९८६) या चित्रपटांतून ते नव्या पिढीच्या कानी गेले.

या मंडळीचा सूर कधी बिघडला नव्हता, की गोऱ्या-काळ्यांचे आपसांत बिनसले नव्हते. ती बदल्यांनी पांगली आणि एका सहीने दुभंगली. परदेशी येऊन वसलेल्या आपल्या कुटुंबांतील मुलेही आज गाण्याचे, नाटकाचे संच काढतात. हौसेच्या भरात नावाचा, हिशेबाचा आणि हक्काचा विचार मागे पडतो. वडीलधाऱ्यांनाही तो काढणे अवघड वाटते. आमचे सांगणे इतकेच की, नाव कोणाचे आणि कोणी सोडून गेल्यास ते कोणाकडे राहावयाचे, हे प्रेम शाबूत आहे तोवरच लिहून ठेवावे. पुढे आलेला कागद वाचल्यावाचून सही करू नये, आणि चौघांची सुटका करणारी वाट पाचव्याला बाहेर ठेवीत नाही ना, हेही पाहावे.