घर शोधणारी निळाई

अलिबागनजीकच्या नवगाव येथे एक स्मारक आहे. परंपरा सांगते की, सुमारे दोन सहस्र वर्षांपूर्वी या किनाऱ्यावर गलबत फुटले आणि सात पुरुष व सात स्त्रिया तेवढ्या वाचल्या. त्यांचे वंशज ते बेने इस्रायल. कोकणात त्यांनी तेलाचे घाणे चालविले; शनिवारी घाणा बंद ठेवीत, म्हणून ‘शनिवार तेली’ म्हणविले गेले. किहीमचे किहीमकर झाले, रोह्याचे रोहेकर. मराठी हीच त्यांची मायबोली. पोहे, गूळ व खोबरे यांचा मलिदा करून ते प्रेषित एलियाहूचे स्मरण करतात.

1948 साली हा समाज भारतात सुमारे 20,000 होता. आज काही हजार उरला आहे. बहुतेक इस्रायलला गेले, तेथे त्यांनी ‘मायबोली’ नावाचे मराठी नियतकालिकही काढले. पूर्वजांच्या भूमीस परतलेली ही माणसे तेथे कोकणासाठी झुरू लागली, हे विलक्षण नव्हे काय?

याच समाजात मुंबईत वाढलेल्या चित्रकर्ती सिओना बेंजामिन आज अमेरिकेत न्यू जर्सी येथे राहतात. वाचकहो, आपल्यापैकी अनेकांची लेकरेही त्याच प्रांतात आहेत. म्हणून त्यांच्या चित्रांकडे थोडे थांबून पाहावे. त्यांच्या एका चित्रमालिकेचे नाव ‘घराचा शोध’ या अर्थाचे आहे. तिच्यातील स्त्रिया निळ्या वर्णाच्या आहेत. आपल्याला निळा वर्ण म्हटला की कृष्ण आठवतो. सिओना मात्र तो आकाशाचा व सागराचा वर्ण मानतात, कोठलाच नसलेला आणि म्हणूनच सर्वत्र असलेला. मुंबईत यहुदी म्हणून वेगळी आणि अमेरिकेतील यहुद्यांत सावळी म्हणून वेगळी, अशा स्त्रीचे ते आत्मचित्रच होय. लघुचित्रांची रेषा, सोन्याचा वर्ख आणि अमेरिकन चित्रकथांचा भडकपणा एकाच चौकटीत नांदतो. एका चित्रात परस्परांपासून दुरावलेल्या सारा आणि हागार एकमेकींना मिठीत घेतात. बायबलच्या कथेत ही मिठी नाही. चित्रकर्तीने ती आपल्या अधिकारात दिली आहे.

प्रांजळपणे सांगायचे, तर काही चित्रांत प्रतीकांची गर्दी होते आणि डोळा दमतो. मला अधिक भावले ते त्यांचे पुढले काम. फुलब्राइट शिष्यवृत्ती घेऊन त्या भारतात परतल्या आणि येथे उरलेल्या यहुद्यांची छायाचित्रे त्यांनी टिपली. मग त्या छायाचित्रांवर रंग व सुवर्णवर्ख चढविला. परदेशी गेलेला मनुष्य बहुधा स्वतःच्या विरहाचेच चित्र काढतो. ओसरी, आजीने लावलेला शब्बाथचा तेलदिवा, सारे त्याच्या आठवणीत जसेच्या तसे थिजून राहते. येथे मात्र गेलेलीने राहिलेल्यांच्या दारी जाऊन त्यांचे मुख न्याहाळले. मांडवीतील शार हारहमीम हे 1796 साली स्थापन झालेले प्रार्थनास्थळ आजही उभे आहे. पण प्रार्थनेसाठी दहा पुरुष जमावे लागतात, आणि दिवा लावणारे हात थोडेच उरले आहेत. त्या हातांच्या मालकांना सोनेरी प्रभा देताना चित्रकर्तीने त्यांची वये लपविली नाहीत, सुरकुत्याही पुसल्या नाहीत.