दह्यावांचून दाट कोशिंबीर

एकत्र कुटुंबांत पंगत बसते तेव्हां पानाची डावी बाजू उजव्या बाजूइतकीच मानाची असते. मीठ, लिंबू, चटणी, कोशिंबीर हा तिचा क्रम बहुतेक घरांत पिढ्यान्‌पिढ्या ठरलेला आहे. अशा पंगतींत एखाद्याच पानावर कोशिंबिरीची जागा रिकामी राहावी आणि वाढणारीनें ‘तुला ही नको, हींत दहीं आहे’ असें म्हणून पुढें सरकावें, ही गोष्ट पाहणारास क्षुल्लक वाटते; ज्याचें पान असतें त्यास ती क्षुल्लक वाटत नाहीं. मोठा माणूस असल्यास तो हसून सोडून देतो. लहान मूल असल्यास तें शेजारच्या पानाकडे पाहत राहतें; आणि नवी सून असल्यास तिच्या वावड्याचीच चार दिवस घरांत चर्चा होते. म्हणून या महिन्यांत दह्यावांचून दाट कोशिंबीर कशी साधावी, याचा विचार करण्याचें आम्हीं योजिलें आहे.

प्रथम वावड्याविषयीं दोन शब्द. दूध न सोसणें हें दोन प्रकारचें असतें, आणि त्यांतील भेद घरांतील प्रत्येक शहाण्या माणसास ठाऊक असणें अवश्य आहे. पहिल्या प्रकारांत दुधांतील शर्करा, जिला लॅक्टोज म्हणतात, ती पचविणारें द्रव्य आंतड्यांत पुरेसें निर्माण होत नाहीं. हा रोग नव्हे. जगांतील प्रौढ माणसांपैकीं सुमारें दोन-तृतीयांश लोकांत वयाबरोबर हें द्रव्य कमी होतें. अशा माणसाचें पोट दुधानें फुगतें, गुडगुडतें, कधीं जुलाबहि होतात. परंतु थोडें दहीं किंवा ताक त्यास बहुधा सोसतें, कारण विरजणांतील जंतूंनीं ती शर्करा अंशतः आधींच खाल्लेली असते.

दुसरा प्रकार निराळा आणि गंभीर आहे. त्यांत दुधांतील प्रथिनांसच शरीर शत्रु समजतें. अंगावर गांधी उठतात, ओठ सुजतात, वांत्या होतात, श्वास कोंडतो. प्रसंगीं जिवावर बेततें. येथें दूध आणि दहीं यांत भेद मानतां येत नाहीं, कारण विरजल्यानें प्रथिनें नाहींशीं होत नाहींत. कढविलेल्या तुपांतहि त्यांचा अंश राहूं शकतो. ‘थोड्यानें काय होतें?’ हें वडीलधाऱ्या मंडळींचें आवडतें वाक्य मायेपोटींच उच्चारलेलें असतें; पण अशा मुलाच्या बाबतींत तें धोक्याचें आहे. दह्याच्या कोशिंबिरींतला डाव चुकून चटणींत बुडाला, तरी तेवढें पुरें होतें. एकास वेगळें वाढून दहा जणांस सांभाळावयास सांगण्यापेक्षां, सर्वांस चालेल अशी एकच कोशिंबीर करणें हा अधिक सुरक्षित मार्ग आहे; आणि मायेचाहि तोच आहे.

आतां कोणी विचारील कीं, दह्यावांचून कोशिंबिरीस दाटपणा यावा कसा? वस्तुतः ही कला आपल्या पाकशास्त्रास नवी नाहीं. ‘रायतें’ या शब्दांत राई, म्हणजे मोहरी, आहे, दहीं नाहीं. कोंकणांत पिकल्या आंब्याचें रायतें नारळ, गूळ व मोहरी वाटून करतात. गोमंतकांत अशाच पदार्थास सासव म्हणतात, आणि सासव म्हणजेहि मोहरीच. संस्कृत सर्षप शब्दाचें तें रूप आहे. सोलापूर व मराठवाडा या भागांत करडई भिजवून, वाटून, फडक्यांतून पिळून तिचें पांढरें दूध काढतात. आणि घरोघर होणाऱ्या खमंग काकडींत दाण्याचें कूट, लिंबू व फोडणी असते. दह्याचा थेंबहि नसतो. ज्यास हल्लींची शिकलेली मुलें सॅलडचें ड्रेसिंग म्हणतात, तें या सर्वांहून फार वेगळें नाहीं.

याचें कारण समजलें म्हणजे कृति सुलभ होते. दुधांत स्नेहाचे अतिसूक्ष्म कण पाण्यांत तरंगत असतात, आणि त्यांच्याभोंवतालचें पातळ वेष्टण त्यांस एकत्र येऊं देत नाहीं. जिभेस जें दाट व मऊ लागतें, तें या व्यवस्थेमुळें. तेलबियांतहि निसर्गानें तशीच योजना केली आहे. शेंगदाण्यांत वजनाच्या जवळजवळ निम्में तेल आणि सुमारें चतुर्थांश प्रथिनें असतात. तो भिजवून पाण्यासह बारीक वाटला म्हणजे तेलाचे कण पाण्यांत पसरतात, प्रथिनें त्यांस धरून ठेवतात, आणि सायीसारखें वाटण तयार होतें. दाटपणा हा गाईम्हशीच्या दुधाचाच गुण नव्हे. तेल आणि पाणी यांचा मेळ जेथें जमला तेथें तो येतो.

परदेशी कृतींत या कामीं बहुधा काजू सांगितलेला असतो. परंतु काजू आणि नारळ हे दोन्ही आमच्या यवतमाळ जिल्ह्यांत बाहेरून येतात आणि महाग पडतात. उलट पुसद, उमरखेड या बाजूस उन्हाळी भुईमूग होतो, आणि जवस तर वऱ्हाडच्या स्वयंपाकाचें जुनें अंग आहे. जें शेतांत किंवा शेजारच्या बाजारांत मिळतें, त्यावरच रोजची रीत बसवावी.

सहा-सात माणसांच्या कोशिंबिरीस पुढील प्रमाण पुरतें. शेंगदाणे अर्धी वाटी, म्हणजे सुमारें ७५ ग्रॅम. पांढरे तीळ एक मोठा चमचा. मोहरी एक लहान चमचा. शेंगदाण्याचें तेल दोन लहान चमचे. लिंबाचा रस दोन-तीन लहान चमचे. एक हिरवी मिरची, आल्याचा लहान तुकडा, लहान सुपारीएवढा गूळ आणि चवीपुरतें मीठ.

दाणे आधीं नीट निवडावे. काळे पडलेले, सुरकुतलेले किंवा बुरशीचा वास येणारे दाणे टाकून द्यावे. त्या बुरशींतून अफ्लाटॉक्सिन नांवाचें विष उत्पन्न होतें आणि तें भाजल्यानेंहि पूर्णपणें जात नाहीं. निवडलेले दाणे मंद आंचेवर, डाग न पडूं देतां, सालें सुटेपर्यंतच भाजावे. सालें काढून ते कढत पाण्यांत दोन तास भिजवावे व तें पाणी ओतून टाकावें. तीळ निराळे किंचित् गरम करून घ्यावे.

दाणे वाटत असतांनाच मोहरीची तयारी करावी. मोहरी कुटून दोन चमचे थंड पाण्यांत दहा मिनिटें ठेवावी आणि मग चांगली फेसावी. मोहरीचा झणका कोरड्या दाण्यांत तयार नसतो. दाणा फुटून त्यास पाणी लागलें म्हणजे आंतील एक द्रव्य दुसऱ्यावर कार्य करतें आणि तो झणका उत्पन्न होतो. कढत पाणी किंवा आरंभींच लिंबू घातल्यास हें कार्य थांबतें व मोहरी नुसती कडवट लागते. आमच्या आज्या मोहरी थंड पाण्यांतच कां फेसत, याचें मर्म हें आहे. शिवाय मोहरीच्या सालींतील बुळबुळीत अंशामुळें तेल व पाणी अधिक घट्ट धरून राहतात.

वाटतांना एक नियम पाळावा: आरंभीं पाणी थोडें घ्यावें. दाणे, तीळ, मिरची, आलें व गूळ हीं तीन-चार चमचे पाण्यांत गंधासारखीं बारीक होऊं द्यावीं. मग लागेल तसें अर्धी ते पाऊण वाटीपर्यंत पाणी वाढवावें. एकदम पाणी ओतलें कीं दाणे पात्यांपासून निसटतात आणि वाटण रवाळ राहतें. पाट्यावर वाटणारीस हें सांगावयास नको. मिक्सरवर करणारीस मात्र सांगावें लागतें. नंतर तेल बारीक धारेनें सोडावें, मग फेसलेली मोहरी, आणि सर्वांत शेवटीं मीठ व लिंबू. तेल सुटून वर येऊं लागलें तर घाबरूं नये. थोडें घट्ट वाटण निराळ्या वाडग्यांत घेऊन त्यांत बिघडलेलें वाटण चमच्या-चमच्यानें घालीत घोटावें. बहुधा तें पुनः जमून येतें.

काकडी, गाजर, मुळा किंवा कोबी बारीक चिरून त्यास मीठ लावावें आणि दहा मिनिटांनीं पिळून घ्यावें. नाहीं तर भाजीचें पाणी सुटून वाटण पातळ होतें. तें पिळलेलें पाणी कणीक भिजविण्यास घ्यावें. वाटण कालवावयाचें तें पानें घेतल्यावरच. वरून सांबार, म्हणजे पुण्याकडील मंडळींची कोथिंबीर, चिरून घालावा. फोडणी तेलाचीच द्यावी. सवयीनें हात तुपाच्या भांड्याकडे गेला तर सर्व खटाटोप व्यर्थ.

जवस घालावयाचा असल्यास भाजून ताजी पूड करावी व लहान चमचाभरच घ्यावी. भिजल्यावर ती वाटण आणखी घट्ट करते. कुटून ठेवलेला जवस लवकर खवट होतो. उपवासाच्या दिवशीं मोहरी व तीळ वगळून जिरें आणि सैंधव घ्यावें. चरकसंहितेंत रात्रीं दहीं खाण्याचा निषेध आहे, आणि तो पाळणारीं घरें आजहि आहेत. त्यांसहि रात्रीच्या जेवणास ही कोशिंबीर सोयीची. मात्र वैशाखांत यवतमाळचा पारा ४२ अंशांच्या वर चढतो तेव्हां हें वाटण उघड्यावर टिकत नाहीं. तें त्या जेवणापुरतेंच करावें; शीतकपाटांत दोन दिवसांहून अधिक ठेवूं नये.

बाजारांतील तयार बाटल्यांविषयीं एक सूचना. पुड्यावरील हिरवा ठिपका शाकाहाराची खूण आहे, दूध नसल्याची नव्हे. ‘अंडें नाहीं’ असें लिहिलेल्या ड्रेसिंगांत दुधाची भुकटी असूं शकते. २०२० च्या लेबलविषयक नियमांप्रमाणें दुधाचा उल्लेख वावड्याच्या घटकांत स्वतंत्र करावा लागतो. तो बारीक अक्षरांतला मजकूर वाचल्यावांचून बाटली घरांत आणूं नये. प्राणिज घटक मुळींच नसलेल्या पदार्थांस २०२२ च्या नियमांनीं व्हीगन म्हणून वेगळी खूण दिली आहे.

दोन गोष्टी अखेरीस सांगणें आमचें कर्तव्य आहे. पहिली ही कीं, शेंगदाणा, तीळ व मोहरी यांचेंहि वावडें कित्येकांस असतें. ज्या मुलास दुधाची खरी बाधा होते, त्यास हें वाटण प्रथम देण्यापूर्वीं वैद्यकीय सल्ला अवश्य घ्यावा. दुसरी ही कीं, दाटपणा आला म्हणून दह्याचे सर्व गुण आले असें समजूं नये. दह्यापासून मिळणारा चुना, ज्यास कॅल्शियम म्हणतात, तो या वाटणांतून फारसा मिळत नाहीं. त्यासाठीं नाचणीसारख्या धान्याची जोड द्यावी; १०० ग्रॅम नाचणींत सुमारें ३५० मिलिग्रॅम कॅल्शियम असतें.

एवढी काळजी घेऊन ही कोशिंबीर आठवड्यांतून दोनदां तरी सर्व पंगतीस वाढावी, आणि ती कोणा एकासाठीं केली आहे असें वाढतांना बोलूं नये. करडईच्या दुधाचा उल्लेख वर आलाच आहे. तें काढण्याची रीत पुढील अंकीं देऊं.