क्रेडिटचा हिशेब विद्यार्थ्याच्या हाती द्या

प्रति,
उच्च व तंत्रशिक्षण विभाग,
महाराष्ट्र शासन, मुंबई

महोदय,

राज्यातल्या संलग्न महाविद्यालयांत २०२४-२५ पासून नव्या शैक्षणिक धोरणाप्रमाणे पदवीचे वर्ग भरू लागले. स्वायत्त महाविद्यालयांनी आदल्या वर्षीच सुरुवात केली होती. तीन वर्षांच्या पदवीला १२० ते १३२ क्रेडिट लागतात, चार वर्षांच्या ऑनर्सला १६० ते १७६. हे आकडे आता बऱ्याच घरांत ठाऊक झाले आहेत. पण नुसत्या बेरजेने पदवी मिळत नाही, हे पहिल्या वर्षाच्या मुलाला समजावून सांगणारं कोणी भेटेलच असं नाही. या पत्राचं कारण तेच.

एक क्रेडिट म्हणजे सत्रभरात १५ तासांचं अध्यापन किंवा ३० तासांचं प्रात्यक्षिक. चार क्रेडिटच्या थिअरी पेपरला ६० तास पडतात. मात्र वर्गात बसल्याने क्रेडिट जमा होत नाहीत, विषय सुटला तरच होतात. विषय राहून एटीकेटी लागली की त्या पेपरचे क्रेडिट अडकतात आणि नव्या सत्राचा अभ्यासही अंगावर येतो.

खरी गुंतागुंत वाटणीत आहे. विद्यापीठ अनुदान आयोगाच्या डिसेंबर २०२२ च्या आराखड्यात तीन वर्षांच्या पदवीसाठी मुख्य विषयाला किमान ६० क्रेडिट आहेत, मायनरला २४, बहुविद्याशाखीय विषयांना ९, भाषा व संवादकौशल्याला ८, इतर कौशल्यांना ९. मूल्यवर्धित विषय आणि इंटर्नशिप वेगळी. महाराष्ट्राने यात ओपन इलेक्टिव्ह, भारतीय ज्ञानप्रणाली, फील्ड प्रोजेक्ट, ऑन जॉब ट्रेनिंग असे कप्पे केले. प्रत्येक कप्पा स्वतंत्रपणे भरावा लागतो. मुख्य विषयात उत्तम गुण मिळवणाऱ्या मुलीचा मूल्यशिक्षणाचा दोन क्रेडिटचा पेपर राहिला, तर तिची एकूण बेरीज कितीही झाली तरी पदवी अडते.

पदवी मध्येच थांबवून बाहेर पडण्याच्या सवलतीचंही तसंच. पहिल्या वर्षाचे ४० ते ४४ क्रेडिट मिळाले म्हणजे प्रमाणपत्र मिळालं, असं होत नाही. त्यासाठी कौशल्य अभ्यासक्रमाचे किंवा इंटर्नशिपचे आणखी चार क्रेडिट लागतात. दोन वर्षांनंतरच्या डिप्लोमालाही हीच अट. आयोगाच्या आराखड्यानुसार बाहेर पडलेल्याला तीन वर्षांच्या आत परतता येतं आणि सात वर्षांच्या आत पदवी पुरी करावी लागते. बीडमधल्या ऊसतोड कुटुंबातल्या मुलाला किंवा मध्येच लग्न ठरलेल्या मुलीला हे वेळेवर कळलं, तर शिक्षण सुटणार नाही, थांबून पुन्हा सुरू होईल.

ऑन जॉब ट्रेनिंगचे चार क्रेडिट म्हणजे १२० तासांचं काम. पुण्या-नाशकात कारखाने आणि कार्यालयं हाताशी आहेत. भामरागडच्या किंवा धडगावच्या विद्यार्थ्याने हे तास कुठे भरायचे? ग्रामपंचायत, प्राथमिक आरोग्य केंद्र, विकास सोसायटी, तालुक्याचं ग्रंथालय इथलं काम ग्राह्य धरल्याशिवाय हा कप्पा त्याच्यासाठी न्याय्य होणार नाही.

मिळालेले क्रेडिट जिथे साठतात, ती अकॅडमिक बँक ऑफ क्रेडिट्स २०२१ च्या नियमांनी उभी राहिली. तिथे विद्यार्थ्याला स्वतः क्रेडिट भरता येत नाहीत, ते संस्थेनेच चढवायचे असतात. ‘स्वयम्’ या ऑनलाइन अभ्यासक्रमांच्या मंचावरून एका सत्रातले ४० टक्क्यांपर्यंत क्रेडिट मिळवण्याची मुभा आहे. तीही आपल्या महाविद्यालयात कोणत्या विषयांना लागू होते, हे आधी कळलं तरच उपयोगी.

म्हणून विभागाकडे तीन मागण्या आहेत. प्रवेशाच्या दिवशीच प्रत्येकाला मराठीत एक पानी तक्ता मिळावा: कोणत्या कप्प्यात किती क्रेडिट हवेत, बाहेर पडायचं तर काय करायचं, परतायची मुदत किती. प्रत्येक सत्राच्या निकालासोबत बँकेच्या पासबुकासारखी नोंद द्यावी, ज्यात कप्प्यागणिक जमा आणि बाकी दिसेल. आणि हा हिशेब तपासून विद्यार्थ्याशी बोलणारा एक शिक्षक प्रत्येक महाविद्यालयाने नेमावा, त्या कामाचे तास त्याच्या कार्यभारात धरावेत.

याला नवा कायदा लागत नाही. विद्यापीठांना एक परिपत्रक काढलं तरी पुरे, आणि ते पुढची प्रवेशप्रक्रिया सुरू होण्याआधी निघावं, ही विनंती.

कळावे,
पदवीच्या विद्यार्थ्यांचा एक हितचिंतक