झाकण कुठे गेले?

एकदा आम्ही मुलांना घेऊन राजगडावर मुक्कामाला गेलो होतो. रात्री टॉर्चचे सेल संपले. अंधारात मी मागचे झाकण फिरवले. तशी आतली स्प्रिंग उडाली, झाकण हातातून निसटले आणि घरंगळत दरीत गेले. उरलेली रात्र आम्ही काड्यापेटीवर काढली.

एक मुलगा म्हणाला, "सर, तुमचाच हात सटकला!"

सटकला खरा. पण माझ्या मते चूक हाताची नव्हती, टॉर्च बनवणाऱ्याची होती. टॉर्च अंधारातच उघडावी लागते, तीही दमलेल्या, गारठलेल्या बोटांनी. त्याने ती उजेडात, टेबलावर ठेवून उघडून पाहिली असणार.

रानावनात वापरायची वस्तू कशी असावी, हे पाहायचे असेल तर जेरी कॅन पाहा. १९३७ च्या सुमारास जर्मनीत सैन्यासाठी हा २० लिटरचा पत्र्याचा डबा तयार झाला. त्याचे झाकण बिजागरीने डब्यालाच जोडलेले असते. म्हणून ते हरवत नाही. खटका उचलला की उघडते, दाबला की घट्ट बसते. पाना नको, नरसाळे नको. आणि वर मुठी किती? एक नव्हे, तीन! भरलेला डबा एकट्याने न्यायचा तर मधली मूठ धरावी. दोघे असतील तर बाजूच्या दोन मुठी धराव्यात. रिकामे दोन डबे तर एकाच हातात नेता येतात.

दुसऱ्या महायुद्धात उत्तर आफ्रिकेच्या वाळवंटात ब्रिटिशांकडे पातळ पत्र्याचे डबे होते. ट्रकच्या धक्क्यांनी ते फुटत आणि पेट्रोल वाळूत जिरून जाई. वाळवंटात पेट्रोल संपले, की माणसाचा जीवच धोक्यात! म्हणून जर्मनांचे डबे हाती लागले, की ब्रिटिश सैनिक ते जपून वापरत. पुढे ब्रिटिशांनी तसेच डबे बनवले. जर्मनांना ते 'जेरी' म्हणत, त्यावरून डब्याचे नाव पडले. अमेरिकेनेही नक्कल केली. पण सुरुवातीच्या त्यांच्या डब्याला उघडायला पाना आणि ओतायला नरसाळे लागे. म्हणजे नक्कल केली ती नेमकी सोय वगळून!

कोणी म्हणेल, सूचना वाचून वस्तू वापरायला शिकावे. शिकावे की! पण सूचना वाचायलाही उजेड लागतो.

आता मी दुसरी टॉर्च घेतली आहे. तिचे झाकण मी दोरीने टॉर्चलाच बांधून ठेवले आहे.