वर्तणूक : चांगली

दर 9 सप्टेंबरला नंदुरबारच्या शिरीषकुमारची आठवण निघते. 1942 साली हातातला तिरंगा खाली न ठेवता गोळ्या झेलणारा तो शाळकरी पोरगा. भाषणं होतात, हार घातले जातात, पालकांचे डोळे पाणावतात. हेच पालक जून-जुलैत पोराच्या कॉलेज प्रवेशाच्या हमीपत्रावर सही करतात : माझा पाल्य कोणत्याही आंदोलनात भाग घेणार नाही. सही करताना हात जरासुद्धा अडखळत नाही, उलट सुटल्यासारखं वाटतं.

1905 साली पुण्यात विदेशी कापडाची होळी केली म्हणून फर्ग्युसन कॉलेजने सावरकरांना दहा रुपये दंड केला आणि वसतिगृहातून काढलं. 1907 साली इंग्रज सरकारचं रिस्ले परिपत्रक निघालं, विद्यार्थ्यांनी राजकीय सभांपासून दूर राहावं म्हणून. त्या दंडाचा आणि त्या परिपत्रकाचा आपण आजही निषेध करतो. आणि 2023 च्या अखेरीस जेएनयूने शैक्षणिक इमारतींपासून शंभर मीटरच्या आत निदर्शनं केल्यास वीस हजार रुपयांपर्यंत दंड लावण्याचा नियम काढला, तेव्हा आपल्यातले कितीतरी जण म्हणाले, बरं झालं, अभ्यास तरी करतील. दहा रुपयांचा दंड जुलूम, वीस हजारांचा शिस्त.

महाराष्ट्राची गोष्ट याहून लाजिरवाणी आहे. इथे मारामाऱ्या झाल्या, विद्यार्थी निवडणुकीच्या वैरातून मुंबईत खूनही पडला, हे नाकारण्यात अर्थ नाही. पण खुनाला कायदा होता, पोलीस होते. आपण काय केलं? 1994 च्या विद्यापीठ कायद्याने मतपेटीच उचलून नेली. वर्गात ज्याचे मार्क सर्वांत जास्त, तो वर्गाचा प्रतिनिधी. वसतिगृहात जेवणात अळ्या निघतात, शिष्यवृत्ती वर्षवर्ष अडते, हे ज्याला भोगावं लागतं त्याचे मार्क बहुधा पहिले नसतात. त्याच्या वतीने बोलायला पहिल्या बाकावरचा हुशार मुलगा, आणि त्या बिचाऱ्याला प्राचार्यांकडून शिफारसपत्र हवं असतं.

2006 साली विद्यार्थी निवडणुकांबाबतच्या लिंगडोह समितीच्या शिफारशी सर्वोच्च न्यायालयाने लागू केल्या. उमेदवाराचा खर्च पाच हजारांच्या आत, हजेरी किमान 75 टक्के, छापील पोस्टर नाही, गुन्ह्याची पार्श्वभूमी नाही. जिथे नेमणुकीची पद्धत आहे तिथे पाच वर्षांत निवडणुकीकडे वळावं, असंही त्यात होतं. ती पाच वर्षं 2011 ला संपली. 2016 च्या नव्या कायद्याने खुल्या निवडणुका कागदावर परत आणल्या. 2019 ला त्या होणार होत्या. विधानसभेच्या निवडणुकीचं कारण देऊन पुढे ढकलल्या. मोठ्यांचं मतदान आलं की पोरांचं थांबतं, हा आपल्या घरातला रिवाजच आहे म्हणा.

1988 च्या घटनादुरुस्तीने अठराव्या वर्षी मताधिकार दिला. म्हणजे पोरगा पंतप्रधान ठरवायला शहाणा, ग्रंथालय रात्री किती वाजेपर्यंत उघडं ठेवावं हे ठरवायला मात्र अजाण!

पोरांच्या राजकारणाची ही भीती नेमकी कोणाला आहे? संस्थाचालकाला आहे, कारण कॉलेज त्याचं, साखर कारखाना त्याचा आणि मतदारसंघही त्याचाच. त्याच्या आवारात राजकारणाला बंदी असते. त्याच्या सभेला मात्र कॉलेजच्याच बसमधून पोरं जातात, वाढदिवसाच्या फ्लेक्सवर पोरांचेच चेहरे झळकतात. त्याला गर्दी चालते, फीचा हिशेब मागणारा नको असतो. पण त्याच्या एकट्याच्या बळावर ही बंदी टिकली नसती. तिला आपण सह्या दिल्या. लेकरू नाक्यावरच्या मंडळात, कुठल्या दादाच्या मागे फिरलं तरी आपल्याला चाललं. अधिसभेत उभं राहून प्रश्न विचारलेला चालला नाही. आणि प्राध्यापक? पगार सुखरूप राहावा म्हणून त्यांनी खिडक्या लावून घेतल्या.

1938 साली निजामाच्या राज्यात वंदे मातरम् म्हणण्यासाठी उस्मानिया विद्यापीठाचे विद्यार्थी अडून बसले. त्यांना काढून टाकलं, तेव्हा नागपूर विद्यापीठाने दार उघडलं आणि त्यांना प्रवेश दिला. आज घोषणा दिल्या म्हणून काढलेला पोरगा एखाद्या कॉलेजच्या दारात उभा राहिला, तर कारकून आधी त्याचा दाखला मागतो. वर्तणुकीच्या रकान्यात काय लिहिलंय ते पाहतो, आणि फॉर्म खिडकीतून परत सरकवतो.